तासभर पुढचं शहर

१८ जानेवारी

बासेलच्या घड्याळात बारा ठोके पडले की शेजारच्या गावांत अकरा वाजलेले असत. वेशीतून बाहेर पडलं की तास परत मिळायचा, आत शिरलं की हातचा जायचा. हा कारभार कित्येक पिढ्या चालला आणि १७९८ साली बंद झाला. स्वित्झर्लंडला जाऊन मला बर्फाचे डोंगर बघायचे नव्हते. मला हे शहर बघायचं होतं.

भाचा इथे औषधांच्या कंपनीत नोकरीला आहे. बासेलला एवढी मराठी माणसं का, याचं उत्तर बहुतेक वेळा औषधांपाशीच सापडतं. विमानतळ फ्रान्सच्या जमिनीवर, शहर स्वित्झर्लंडमध्ये आणि ट्राममध्ये झोप लागली तर उतरायचं जर्मनीत. घरी पोचेपर्यंत अंधार पडला होता. भाचेसुनेनं गरम पिठलं-भात पुढे ठेवला.

जेवताना भाच्याच्या मुलानं वही काढली. तो अकरा वर्षांचा आहे. मित्रांबरोबर संगणकावर जो खेळ खेळतो त्यात प्रत्येक टोळीला ‘गिल्ड’ म्हणतात आणि त्याच्या गिल्डला एक प्रमुख हवा होता. वहीत लिहिलं होतं : ‘नाव : अजून नाही. शक्ती : वेळ थांबवणे, मागे नेणे, पुढे ढकलणे. वय : ४०० वर्षं. कमजोरी :’ आणि पुढे कोरी ओळ.

“आजोबा, कमजोरी सुचत नाहीये.”

“तुझ्याच गावात असा एक माणूस होऊन गेला म्हणतात. त्यालाच विचारू या,” मी म्हणालो.

भाचा हसला. “मामा, तुम्ही आल्या दिवसापासून सुरू झालात.”

१९ जानेवारी

सकाळी मार्क्टप्लाट्झवर भाजीवाले होते, थंडी कानाला चावत होती आणि समोर नगरपालिकेची लालभडक इमारत. बासेल १५०१ साली स्विस संघात सामील झालं. त्यानंतर थोड्याच वर्षांत ही उभी राहिली. शहरानं नवी सोयरीक झाल्यावर घातलेला शालू म्हणा हवं तर. दर्शनी भागावर मोठं घड्याळ आणि आतल्या चौकात मुनातिउस प्लांकुस या रोमन सरदाराचा पुतळा आहे. त्याच्याकडे कुणी बघत नाही, मीही फार वेळ बघितलं नाही.

मला बघायची होती गिल्डांची, म्हणजे एकेका धंद्यातल्या लोकांच्या संघटनांची, घरं. मार्क्टप्लाट्झवरच द्राक्षदारूच्या व्यापाऱ्यांचं सोळाव्या शतकातलं घर आहे. फ्राये स्ट्रासेवर किल्लीचं चिन्ह असलेली व्यापाऱ्यांची गिल्ड, गेर्बरगासेत केशराच्या नावाची गिल्ड. ती किराणा-मसाल्यांच्या दुकानदारांची. जुन्या बासेलमध्ये अशा पंधरा गिल्डा होत्या. लोहार, शिंपी, खाटीक, विणकर, कोळी-नावाडी, माळी, सगळ्यांची मोट बांधलेली. गिल्डमध्ये नाव नसेल तर धंदा करता यायचा नाही. नगराच्या सभेत बसायचं तर तेही गिल्डमार्फत. घड्याळजी लोहारांच्यात मोडत, कारण जुनं मनोऱ्यावरचं घड्याळ म्हणजे लोखंडाचंच काम. या सगळ्यांच्या वर एक मुख्य गिल्डप्रमुख असायचा, महापौराच्या खालोखाल मानाचा. त्या पदाचं नाव मुलानं मला तीनदा म्हणायला लावलं : ओबर्स्टत्सुन्फ्टमाइस्टर. तिसऱ्यांदाही त्याचं समाधान झालं नाही.

मी नाशिकचा. गिल्ड म्हटलं की मला पांडवलेणी आठवतात. तिथल्या दहाव्या लेण्यात क्षत्रप राजा नहपानाचा जावई उषवदात यानं कोरून ठेवलंय की गोवर्धनच्या विणकरांच्या एका निकायाकडे, म्हणजे संघटनेकडे, २००० कार्षापणं दरमहा शेकडा एक या व्याजानं आणि दुसऱ्या निकायाकडे १००० कार्षापणं शेकडा पाऊण या व्याजानं ठेवली आहेत. व्याजातून लेण्यातल्या भिक्षूंचं कापडचोपड आणि वरखर्च. मुद्दल कधीच मोडायचं नाही, ती अक्षयनीवी. म्हणजे विणकरांच्या संघटनेनं राजाच्या जावयाला कायमचा शब्द दिला. राजे जातील, आम्ही राहू. मुलाला हे सांगितल्यावर त्यानं वहीत शक्तीच्या यादीत भर घातली : ‘कधीच न संपणारं व्याज.’ बापाला ते भलतंच पटलं.

दुपारी म्युन्स्टर, म्हणजे मुख्य चर्च. त्याला दोन मनोरे. उत्तरेच्या गेओर्ग मनोऱ्यावर यांत्रिक घड्याळ आणि दक्षिणेच्या मार्टिन मनोऱ्यावर सूर्यघड्याळ. आकाश झाकोळलेलं, सावलीचा पत्ता नाही. पण या सूर्यघड्याळाचे आकडे अजून जुन्या हिशोबाचे आहेत, एक तास पुढे. आता गंमत अशी की सध्याची स्विस वेळ पूर्वेकडच्या, १५ अंशांच्या रेखांशावर बेतलेली. बासेल साडेसात अंशांच्या आसपास. म्हणजे खरा सूर्य मनगटी घड्याळाच्या अर्धा तास मागे, जानेवारीत आणखी दहाएक मिनिटं मागे. सूर्यघड्याळ मात्र तासभर पुढे. वजाबाकी केली तर आज ऊन पडलं असतं तर सावलीनं माझ्या घड्याळापेक्षा फक्त वीसेक मिनिटं पुढची वेळ दाखवली असती. दोनशे वर्षांपूर्वी एवढा गाजलेला तास रेल्वेवाल्यांनी असा बराचसा गिळून टाकला.

गोष्ट मी तिथेच, पायऱ्यांवर, सांगितली. शत्रू वेशीबाहेर दबा धरून बसलेला. आतले फितूर बाराच्या ठोक्याला दार उघडणार. शेवटच्या घटकेला कुणाला तरी सुगावा लागला. सैन्य जमवायला वेळ नव्हता. त्यानं घड्याळ असं पुढे केलं की बाराच्या जागी एकच ठोका पडला. आतल्यांना वाटलं आपली वेळ टळली, बाहेरच्यांना वाटलं आतल्यांनी दगा दिला. शहर वाचलं आणि आठवण म्हणून घड्याळ तसंच ठेवलं.

“तो कोण होता?”

“सांगणाऱ्यागणिक बदलतो. पहारेकरी, नाहीतर शहराचा कुणी मोठा माणूस.”

“मग तो माझा गिल्डप्रमुख,” म्हणून त्यानं विषय संपवला.

दुसरीही एक गोष्ट आहे आणि ती मला जास्त आवडते. १४३१ ते १४४८ इथे चर्चची मोठी परिषद भरली होती. युरोपभरचे बिशप येऊन राहिलेले. ते सकाळी उठेनात, म्हणून घड्याळ पुढे केलं. बैठकांचा अनुभव असलेल्या कुठल्याही माणसाला यात अविश्वसनीय असं काही वाटणार नाही.

खरं कारण बहुधा अगदी साधं आहे. इतर गावांत तास पुरा झाला की ठोका पडे, बासेलमध्ये तास सुरू झाला की. आपल्याकडे आजी म्हणायची, “पोराला सातवं लागलं,” आणि शाळेच्या दाखल्यावर सहा लिहिलेलं असायचं. दोघंही बरोबर. बासेल हे आजीच्या हिशोबानं चालणारं गाव होतं.

संध्याकाळ बार्फ्युसर चर्चमध्ये गेली. तिथे आता इतिहासाचं संग्रहालय आहे. गिल्डांचे चांदीचे पेले चांगले आहेत, पण मुलगा आम्हाला ओढत घेऊन गेला तो लॅलेक्योनिगपाशी. हा तांब्याचा मुकुटधारी चेहरा सतराव्या शतकातला. ऱ्हाईनच्या पुलावरच्या दरवाजावर बसवलेला होता. यंत्राच्या जोरावर तो डोळे गरागरा फिरवायचा आणि लांबलचक जीभ बाहेर काढून आत घ्यायचा. जीभ दाखवायची ती नदीपलीकडच्या धाकट्या बासेलला. दरवाजा १८३९ साली पाडला, चेहरा वाचला. मुलानं काचेसमोर उभं राहून त्याला जीभ दाखवली. पहारेकरीण बाई दुसरीकडे बघत हसली, हे तिचं रोजचंच असणार.

२० जानेवारी

आजचा दिवस धाकट्या बासेलचा. जिभेला उत्तर देण्याचा.

नदीपलीकडच्या क्लाइनबासेलमध्ये तीन मानाच्या मंडळ्या आहेत. त्यांच्या नेमाच्या तारखा तीन : १३, २० आणि २७ जानेवारी. ज्या वर्षी ज्या मंडळीकडे मान, त्या वर्षी तिची तारीख. प्रत्येकीचं एक सोंग : वनमानव, सिंह आणि गरुडाच्या चोचीचा ग्रायफ. आपल्याकडे बोहाडा बघितलेल्या माणसाला मुखवटे घालून नाचणाऱ्या देवांचं नवल नाही. तरी मी सकाळी नदीकाठी जाऊन उभा राहिलो तेव्हा बोटं बधिर झाली होती.

अकराच्या सुमारास आधी तोफांचे आवाज आले. मग वळणावरून तराफा आला, दोन नावा एकत्र बांधलेला. त्यावर ढोल, निशाणं, छोट्या तोफा आणि मधोमध वनमानव. अंगावर पानं, डोक्यावर नि कमरेला सफरचंदांसकट वेली, हातात मुळासकट उपटलेलं लहानसं देवदाराचं झाड. तो वाकतो, उड्या मारतो, झाड पाण्यात बुडवून काठावरच्यांवर उडवतो. आणि हे सगळं करताना त्याची पाठ सतत मोठ्या बासेलकडे. श्रीमंत काठाकडे तोंड म्हणून करायचं नाही! मोठ्या बासेलनं १३९२ साली धाकट्याला विकत घेतलं होतं. पैसे बिशपला मिळाले, अपमान इकडच्यांना. सहाशेहून अधिक वर्षं झाली, राग अजून ताजा ठेवला आहे. आमच्या भाऊबंदकीला यांच्याकडून शिकण्यासारखं आहे.

काठावर सिंह आणि ग्रायफ वाट बघत होते. पोरं वनमानवाच्या कमरेची सफरचंदं ओरबाडायला धावतात, तो झाडानं त्यांना झोडपतो. आमच्याही मुलाला फटका बसला. सफरचंद मिळालं नाही. चार विदूषक, त्यांना ‘उएली’ म्हणतात, डबे खुळखुळवत गर्दीतून फिरत होते. तो पैसा धाकट्या बासेलमधल्या गरजूंना जातो. मी नाणं टाकलं तर एकानं वाकून असा मुजरा केला की भाचेसून लाजली.

बरोबर बारा वाजता पुलावर नाच. मिटलेरे ब्र्युके, म्हणजे मधला पूल. तेराव्या शतकात इथे पहिला पूल झाला, आजचा १९०५चा. पुलाच्या मध्यावर एक चिमुकलं देऊळवजा चॅपेल आहे. तिथवर यायचं, त्यापुढे नाही. ढोल सुरू झाला तसे तिघंही आपापला नाच नाचले, मोठ्या शहराकडे पाठ करून. पाऊण तास पायांना मुंग्या येईपर्यंत उभं राहून मला जाणवलं ते हे की तासाची चोरी करणारा तो गोष्टीतला माणूस या गर्दीत सहज खपला असता. नाव नसलेलं, मुखवट्याआडचं, वर्षातून एकदा नेमाच्या ठोक्याला उगवणारं असं कुणीतरी. मुलाला तसं म्हटलं. तो म्हणाला, “नाही, हा नाचतो. माझा प्रमुख नाचत नाही.”

रात्री घरोघर, खानावळीखानावळीत हे तिघं नाचत फिरत होते. ढोलाचा आवाज उशिरापर्यंत येत राहिला. भाच्याला सकाळी मीटिंग होती, तो कुरकुरला.

२१ जानेवारी

बर्न. गाडीनं तासाभराचा रस्ता.

झिटग्लॉगेचा मनोरा आधी शहराचा पश्चिम दरवाजा होता. शहर पुढे वाढलं, दरवाजा मध्ये अडकला आणि घड्याळाचा झाला. आतलं यंत्र १५३० साली कास्पार ब्रुनर या शस्त्रं घडवणाऱ्या लोहारानं पुरं केलं. अजून ते रोज हातानं किल्ली देऊन चालतं. तास भरायच्या काही मिनिटं आधी खाली गर्दी जमते, सगळ्यांचे फोन वर. कोंबडा आरवतो. अस्वलांची मिरवणूक फिरते. वाळूचं घड्याळ हातात घेतलेला काळपुरुष ते उलटं करतो. पण आधी विदूषक घंटा वाजवतो, तासाच्या आधीच. पाचशे वर्षांपूर्वीच्या घडवणाऱ्यानं वेळेच्या राजाशेजारी एक चुकीचा ठोका मुद्दाम ठेवला, ही मला या प्रवासातली सगळ्यांत देखणी गोष्ट वाटली. वर कळसाजवळ सोन्याच्या मुलाम्याचा मोठा लाकडी माणूस खरे ठोके देतो.

कमानीत जुनी लांबीची मापं लावलेली आहेत. या मनोऱ्यापासून रस्त्याची अंतरं मोजत आणि वाटेवर दगड लावत, बर्न इतके तास. मैल नव्हे, तास. चालणाऱ्याचे तास.

इथून दोन मिनिटांवर, क्रामगासे ४९ मध्ये, आइनस्टाइन राहत होता. मुलगा म्हणाला, “वेळ हळू चालते असं त्यानं सिद्ध केलं, तो गिल्डमध्ये हवा.” मी म्हटलं, तो कारकून होता, पेटंट कचेरीत. “मग सदस्य,” तो म्हणाला. बाकी बर्न छान आहे, कमानीखालून चालताना पाऊस लागत नाही.

२२ जानेवारी

आज परत म्युन्स्टरच्या पटांगणात. १७९८ साली याच तारखेला इथे स्वातंत्र्याचं झाड रोवलं होतं. फ्रेंच राज्यक्रांतीची झळ इथवर आली होती. आधी खेड्यापाड्यांतले लोक उठले, अंमलदारांचे वाडे जाळले. २० जानेवारीला शहरानं त्यांना समान हक्क लिहून दिले. गिल्डांची सत्ता कोसळली. आणि त्याच वर्षी घड्याळाचा तो जगावेगळा तासही गेला.

हे दोन्ही एकाच वर्षी व्हावं हा योगायोग नाही असं माझं मत. कारण तो तास बदलायचा प्रयत्न आधीही झाला होता. १७७९च्या सुरुवातीला शहरसभेनंच घड्याळं शेजाऱ्यांसारखी करून टाकली. लोकांनी एवढा गोंधळ घातला की काही दिवसांतच काटे पुन्हा पुढे! विद्वान म्हणत होते बदला, सभेचा हुकूम होता बदला, पण दुकानदार म्हणाले आमचे बारा ते बारा. मुलानं इथे वही उघडली आणि कमजोरीच्या कोऱ्या ओळीवर लिहिलं : ‘लोकांना सवय झालेली वेळ बदलता येत नाही.’

आपल्याकडे वेगळं कुठे झालं? १९०६ साली भारतीय प्रमाणवेळ आली, मुंबईनं मात्र आपली ३९ मिनिटं मागे असलेली ‘बॉम्बे टाइम’ १९५५ पर्यंत सोडली नाही. लग्नपत्रिका छापताना कुठली वेळ ते लिहावं लागे. स्वातंत्र्य मिळून आठ वर्षं झाली तरी ही ३९ मिनिटं स्वतंत्र होती.

आता खरा गिल्डप्रमुख. १७९६ पासून बासेलचा ओबर्स्टत्सुन्फ्टमाइस्टर होता पेटर ऑक्स. जन्म फ्रान्समधल्या नान्तचा, १७५२ चा. घर हेबेलस्ट्रासेवरचा होलस्टायनरहोफ, तिथे १७९५ साली फ्रान्स आणि स्पेन यांचा तह झाला. आम्ही बाहेरून बघून आलो, देखणा वाडा आहे. या माणसाची गंमत अशी की गिल्डांच्या राज्यात सर्वोच्च पदांपैकी एकावर बसून त्यानं गिल्डांचं राज्य मोडणाऱ्या क्रांतीचं नेतृत्व केलं. नव्या हेल्वेटिक, म्हणजे स्विस, प्रजासत्ताकाच्या राज्यघटनेचा मसुदा त्याचा. त्यानं बासेलचा इतिहासही लिहिला, खंडच्या खंड. म्हणजे जुना काळ लिहून काढणारा आणि नवा काळ आणणारा एकच. पुढे १७९९ मध्ये त्याला पायउतार व्हावं लागलं. फ्रेंचांना देश विकला असा बोभाटा झाला आणि तो शिक्का इतका पक्का बसला की मुलांनी ‘ऑक्स’ हे आडनाव टाकून ‘हिस’ लावलं.

मला हा माणूस गोष्टीतल्या चोरापेक्षा मोठा वाटतो. चोरानं एक तास पुढे ढकलून शहर होतं तसं ठेवलं. ऑक्सनं शहर होतं तसं राहू दिलं नाही आणि त्याची किंमत त्याच्या घराण्यानं मोजली. भाच्याला हे पटलं नाही. “मामा, फ्रेंच सैन्य आलं तेव्हा लोकांचं काय झालं तेही बघा ना.” तेही खरंच. वाद रात्री जेवणानंतर, लॅकर्लीची कडक मसालेदार बिस्किटं फोडता फोडता संपला. माझा दात वाचला.

मुलाला वेगळाच प्रश्न पडला होता. “त्याच्या मुलांनी आडनाव बदललं, हे गेममध्ये कसं दाखवायचं?”

२३ जानेवारी

शेवटचा दिवस. सामान बांधून झालं होतं, विमान संध्याकाळचं. दहा नंबरची ट्राम पकडली, उगाच फिरायला.

ही ट्राम बासेलच्या बाहेर पडून शेतांमधून जाते, मग लेमेन नावाच्या फ्रेंच खेड्यात थांबते आणि पुन्हा स्वित्झर्लंडमध्ये शिरून रोडर्सडोर्फला संपते. लेमेनच्या वर लांड्सक्रोनच्या किल्ल्याचे अवशेष दिसतात. तपासणी नाही, कुणी काही विचारत नाही. डब्यात आम्ही तिघं आणि कुत्रं घेतलेल्या एक आजीबाई.

वाटेत मी भाच्याला उन्हाळी वेळेची गोष्ट सांगितली. फ्रान्सनं १९७६ पासून उन्हाळ्यात घड्याळं तासभर पुढे करायला सुरुवात केली. स्विस लोकांनी १९७८ साली मतदान करून नकार दिला. शेतकऱ्यांचं म्हणणं होतं, गाईला घड्याळ कळत नाही. १९८० साली जर्मनी-ऑस्ट्रियाही पुढे गेले आणि स्वित्झर्लंड चारी बाजूंनी तासभर मागे पडलं. शेवटी १९८१ मध्ये त्यांनीही मान तुकवली.

“म्हणजे तेव्हा ही गाडी...” भाचा म्हणाला आणि थांबला.

तेव्हा ही ट्राम नव्हती, छोटी रेल्वे होती, पण रस्ता हाच. त्या उन्हाळ्यांत स्वित्झर्लंडमधून निघून लेमेनला पोचलं की स्टेशनाबाहेरच्या गावात तासभर पुढची वेळ. पुढच्या स्टेशनावर पुन्हा तासभर मागे. मधल्या स्टेशनावर गाडी जेमतेम मिनिटभर थांबत असेल.

मुलगा खिडकीशी होता. लेमेन आलं, दार उघडलं, थंड वारा आत आला, दार मिटलं. त्यानं वही काढून नवं पान घेतलं.

“आजोबा, तो १७९८ मध्ये मरत नाही. तो इथे उतरतो. आणि १९८० मध्ये परत चढतो.”

“तिकीट?” बापानं विचारलं.

“त्याच्याकडे पास आहे,” मुलगा म्हणाला आणि लिहू लागला.